खांबांच्या देशातली मीस

१९५४ साली हॉलंडमध्ये दोन गोष्टी घडल्या. मे महिन्यात तिथल्या कॅथलिक बिशपांनी एक धर्मपत्र काढलं आणि आपल्या लोकांना बजावलं, की समाजवाद्यांच्या कामगार संघटनेत जायचं नाही आणि त्यांचा रेडिओ नेमाने ऐकायचा नाही. त्याच वर्षी केआरओ या कॅथलिक प्रक्षेपण संस्थेने आपल्या चोवीस वर्षांच्या एका निवेदिकेला कामावरून काढून टाकलं. तिच्या कामात खोट नव्हती. लेन टिंप नावाच्या दिग्दर्शकावर तिचं प्रेम बसलं होतं आणि त्या गृहस्थाचं आधी एक लग्न झालेलं होतं. कॅथलिक संस्थेच्या पडद्यावर असली बाई चालणार नव्हती. या दोन गोष्टींचा एकमेकींशी थेट संबंध नाही, पण हवा एकच होती. निवेदिकेचं नाव मीस बाउमन.

ही हवा समजून घेतल्याशिवाय मीस बाउमन समजत नाहीत. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत डच समाज उभ्या भिंतींनी वाटलेला होता. कॅथलिक, प्रॉटेस्टंट, समाजवादी आणि उरलेले उदारमतवादी. डच लोक या गटांना ‘खांब’ म्हणत, कारण प्रत्येक गट तळापासून माथ्यापर्यंत स्वतंत्र उभा होता आणि सगळ्यांनी मिळून वर एक छप्पर धरलं होतं. कॅथलिक मूल कॅथलिक शाळेत जायचं, कॅथलिक संघातून फुटबॉल खेळायचं, मोठं झाल्यावर कॅथलिक वर्तमानपत्र वाचायचं, कॅथलिक पक्षाला मत द्यायचं. शेळ्या पाळणाऱ्यांचीसुद्धा वेगळी कॅथलिक संघटना होती. आपल्याकडे जातवार वसतिगृहं आणि जातवार बँका पाहिलेल्या माणसाला यात फारसं नवल वाटणार नाही. प्रक्षेपणही असंच वाटलेलं होतं. कॅथलिकांची केआरओ, प्रॉटेस्टंटांची एनसीआरव्ही, समाजवाद्यांची वारा, कुठल्याच धर्माचं नाव न लावणारी आवरो, आणि उदार प्रॉटेस्टंटांची छोटीशी व्हीपीआरओ. बिशपांचा रोख होता तो वारावर.

दूरचित्रवाणी आली तेव्हा ती याच घडीत बसवली गेली. आइंडहोवनला फिलिप्स कंपनीने काही वर्षं प्रायोगिक प्रक्षेपण चालवलं होतं. २ ऑक्टोबर १९५१ रोजी बुसुम गावातल्या एका जुन्या चर्चचा स्टुडिओ करून देशाचं नियमित प्रक्षेपण सुरू झालं. आठवड्याला तीन तास, अख्ख्या देशात काही शे संच. संस्थांनी पाळीपाळीने संध्याकाळी वाटून घ्यायच्या, असं ठरलं. मीस बाउमन त्याच शरद ऋतूत केआरओच्या निवेदिका म्हणून पडद्यावर आल्या. जन्म ३१ डिसेंबर १९२९चा, अ‍ॅमस्टरडॅमच्या कॅथलिक घरातला. म्हणजे वय एकवीस. काम एवढंच, की नीट कपडे घालून कॅमेऱ्यासमोर बसायचं आणि आता पुढे काय दिसणार आहे ते हसतमुखाने सांगायचं.

वाटणी करणाऱ्यांच्या एक गोष्ट लक्षात आली नव्हती. रेडिओवर आपली लहर लावून बसता येत होतं. दूरचित्रवाणीला वाहिनी एकच. संच घेण्यात एवढे पैसे घातल्यावर ‘आज समाजवाद्यांची संध्याकाळ आहे’ म्हणून तो बंद ठेवणारं कुटुंब विरळाच. त्यामुळे ज्या खोलीत धर्मपत्राचं पालन व्हायचं त्याच खोलीत वाराचा कार्यक्रमही चालू असायचा. डच समाजाच्या भिंती कशाने पडल्या यावर तिथले इतिहासकार पुष्कळ वाद घालतात आणि त्यांच्या यादीत समृद्धीपासून शिक्षणापर्यंत बरंच काही असतं. माझ्या मते या एका वाहिनीचा हात त्यात मोठा आहे, आणि त्या वाहिनीवर वर्षानुवर्षं दिसत राहिलेल्या एका चेहऱ्याचाही. केआरओने मीसना बाहेर काढलं ते त्यांच्या पथ्यावरच पडलं म्हणायचं. कुठल्याच खांबाची मालकी त्यांच्यावर उरली नाही.

टिंप यांच्याशी त्यांनी लग्न केलं. चार मुलं झाली, आणि मधल्या काळात दुसऱ्या संस्थांमधून त्या पुन्हा पडद्यावर आल्या. ही वर्षं मी भराभर ओलांडतो आहे, कारण पुढे १९६२चा नोव्हेंबर आहे.

आर्नहेम शहरात योहाना स्टिख्टिंग नावाची अपंग मुलांसाठीची संस्था होती. तिचे संचालक डॉक्टर आरी क्लापवाइक यांना एक प्रश्न सतावत होता. मुलं संस्थेत वाढतात, शिकतात, पण मोठी झाल्यावर जायचं कुठे? घरी सांभाळणारं कुणी नसेल तर विशी-पंचविशीच्या माणसाच्या नशिबी एखादं इस्पितळ नाहीतर वृद्धाश्रम. क्लापवाइक यांची कल्पना अशी, की चाकाच्या खुर्चीतल्या माणसांसाठी एक अख्खं गावच वसवावं. त्यात प्रत्येकाला स्वतःचं घर, स्वतःचं दार, दारावर स्वतःचं नाव असेल. शिवाय दुकानं असतील, काम असेल. गावाचं नावही साधं ठेवलं होतं, ‘हेट डॉर्प’, म्हणजे ‘गाव’. अडलं होतं पैशांवर.

आवरोने ठरवलं, की हा पैसा दूरचित्रवाणीवरून उभा करायचा. मदतफेरीची कल्पना डचांना नवी नव्हती. १९५३च्या फेब्रुवारीत समुद्राने बांध फोडले आणि १८३६ माणसं बुडाली, तेव्हा योहान बोडेग्राव्हन यांनी रेडिओवरून असाच निधी गोळा केला होता. पण ते संकट होतं; पाणी घरात शिरलं होतं. इथे तसं काही घडलेलं नव्हतं. ज्यांच्याकडे पाहायचं लोक शिताफीने टाळत, अशा माणसांसाठी हात पसरायचा होता. शिवाय आवरोने ठरवलेला बेत वेडगळच होता. सोमवार, २६ नोव्हेंबरच्या संध्याकाळपासून दुसऱ्या दिवशीच्या संध्याकाळपर्यंत, सलग तेवीस तास, अ‍ॅमस्टरडॅमच्या राइ प्रदर्शन सभागृहातून थेट प्रक्षेपण. दूरचित्रवाणी रात्री बंद होत असे, त्या काळातली ही गोष्ट. आणि तेवीसच्या तेवीस तास सूत्रसंचालक एकच. दिग्दर्शनाला लेन टिंप.

कार्यक्रमाचा ऐवज आज पाहिला तर अगदी साधा वाटतो. गायक येतात, गातात. वादक येतात. कारखान्यांचे लोक, शाळांची मुलं, क्लबांचे प्रतिनिधी पैसे घेऊन रांगेने येतात. रिकाम्या काड्यापेट्यांमध्ये नाणी भरून लोक त्या आणून देत होते. त्या पेट्यांचे ढीग लागले. मध्येच गावाची गरज ज्यांना आहे त्यांच्याशी बोलणं, आणि पुन्हा आकड्याकडे. आकडा वाढत जातो. या सगळ्याला धरून ठेवणारा दोरा म्हणजे बत्तीस वर्षांची ती बाई. रेडिओवर निवेदक दमला तर आवाजाला थोडी साखर लावून वेळ मारून नेता येते. इथे मध्यरात्र उलटली, पहाट झाली, तसा थकवा लपेना. आणि माझी अशी खात्री आहे, की लोकांनी खिसे रिकामे केले ते त्या थकव्यापायी. बाई आपल्यासाठी नव्हे, दुसऱ्या कुणासाठी जागते आहे, आणि आपण कसं झोपायचं? रात्रभर दिवे जळत राहिले. सकाळी लोक कामावर गेले, परत आले, तरी ती तिथेच उभी.

शेवटी जमले २ कोटी १० लाखांहून जास्त गिल्डर. हॉलंडची लोकसंख्या तेव्हा १ कोटी २० लाखांच्याही आत होती, म्हणजे तान्ह्या बाळापासून धरलं तरी माणशी पावणेदोन गिल्डर. देणाऱ्यांत कॅथलिक किती, प्रॉटेस्टंट किती, याचा हिशेब कुणी ठेवला नाही. सगळं दान एकाच गल्ल्यात पडत होतं आणि सगळा देश एकाच वेळी एकच चित्र पाहत होता. त्या तेवीस तासांनंतर मीस बाउमन कुणाच्या घरच्या नाहीत असं राहिलं नाही. आडनावही गळून पडलं. देशभर त्या नुसत्या ‘मीस’ झाल्या.

आर्नहेमच्या चढावर गाव उभं राहिलं. आराखडा याप बाकेमा यांचा. रॉटरडॅमची लाइनबान ही पादचाऱ्यांची बाजारपेठ ज्यांच्या कार्यालयाने उभी केली, तेच हे वास्तुशिल्पी. सुमारे चारशे रहिवासी तिथे राहायला आले. चाकाच्या खुर्च्यांसाठी चढणीची जागा निवडावी हे कोडं मला तरी उलगडत नाही. आणि पुढे सत्तरच्या दशकापासून अपंगांच्या चळवळीतूनच सवाल उठला, की आम्हाला वेगळ्या गावात का ठेवता, सगळ्यांच्या गावात का नाही? रास्तच सवाल होता. पण १९६२ साली पर्याय वृद्धाश्रमाचा होता, हेही विसरून चालत नाही.

लाडक्या बाईने पुढे लाडकंच राहायचं ठरवलं असतं तर तिचं चरित्र इथे संपलं असतं. त्या मदतफेरीच्या दोनच दिवस आधी, २४ नोव्हेंबर १९६२ला, लंडनमध्ये बीबीसीवर डेव्हिड फ्रॉस्ट यांचा आठवड्याच्या बातम्यांची टर उडवणारा कार्यक्रम सुरू झाला होता. त्याच धर्तीवर वाराने वर्षभराने आपला कार्यक्रम काढला. त्याचं लांबलचक नाव मराठीत साधारण ‘योगायोगाने हेही पुन्हा एकदा तसंच आहे’ असं होईल. लेखकांत यान ब्लोकर, रीनुस फर्डिनांडूसे, डिमित्री फ्रेंकेल फ्रांक अशी तरुण आणि तिखट मंडळी. सूत्रसंचालनाला त्यांनी बोलावलं मीसना, आणि त्या गेल्या. दहा वर्षांपूर्वी ज्या संस्थेचा रेडिओ ऐकू नका म्हणून बिशपांनी सांगितलं होतं, तिच्या सर्वांत टवाळ कार्यक्रमाच्या खुर्चीत आता कॅथलिक घरातली, चार मुलांची आई बसली. वाराच्या लोकांचा हिशेब उघड होता: तिखट घास मीसच्या हातून भरवला तर लोक गिळतील.

४ जानेवारी १९६४च्या शनिवारी तो घास घशात अडकला. त्या रात्री दूरचित्रवाणीच्या वेडावर एक उपहासात्मक प्रवचन झालं. देशात एक नवा धर्म आला आहे, त्याची मूर्ती दिवाणखान्यात आहे, भक्त रोज संध्याकाळी तिच्यासमोर गोळा होतात, असा त्याचा सूर. आणि भाषा बायबलातल्या प्रार्थनेची नि आज्ञांची. टवाळी देवाची नव्हती, पडद्यासमोर बसणाऱ्यांची होती. पण जे प्रार्थनेच्या शब्दांशी खेळलेलं सहन करणार नव्हते, त्यांना हा भेद ऐकायचाच नव्हता. एका चर्चच्या इमारतीतून ज्या दूरचित्रवाणीचा जन्म झाला तिने असं म्हणावं, यातली गंमत तर कुणाच्याच लक्षात आली नसावी.

गदारोळ उठला. वर्तमानपत्रं तुटून पडली, संसदेत प्रश्न आले, वाराकडे पत्रांचा पूर लोटला. प्रवचन वाचलं होतं पीटर लोर यांनी. मीसनी ते लिहिलंही नव्हतं आणि वाचलंही नव्हतं. तरी घाणेरड्या शिव्यांची आणि धमक्यांची पत्रं आली ती त्यांच्या घरी. हे समजण्यासारखं आहे. ब्लोकर काय आणि फर्डिनांडूसे काय, लोकांच्या लेखी परकेच होते. परक्याकडून काय अपेक्षा करणार? मीस घरच्या होत्या. तेवीस तास जागून जो हक्क त्यांनी मिळवला होता, त्याचीच ही दुसरी बाजू. लोकांनाही त्यांच्यावर हक्क मिळाला होता. घरच्यांच्या जिवावर आलं तेव्हा मीसनी कार्यक्रम सोडला. कार्यक्रम त्यांच्याशिवाय १९६६पर्यंत चालला. बिशपांनी १९५४चं ते धर्मपत्र १९६५ साली मागे घेतलं. म्हणजे मीसना शिव्या देणारे जेव्हा देत होते, तेव्हा त्यांच्या पायाखालची जमीन आधीच सरकत होती. म्हणून तर आवाज एवढा चढला होता.

दुसरं कुणी असतं तर कानाला खडा लावून मुलाखती नाहीतर गाण्यांच्या कार्यक्रमात सुखाने राहिलं असतं. मीसनी मुलाखतीही घेतल्याच. १९६५पासून चारेक वर्षं चाललेला ‘मीस-आं-सेन’ हा त्यांचा गप्पांचा कार्यक्रम डच दूरचित्रवाणीवरच्या अशा कार्यक्रमांत अगदी पहिल्यांपैकी. पण जगभर जो पोचला तो त्यांचा कार्यक्रम वेगळाच होता, आणि त्याच्याबरोबर त्यांचं नाव मात्र पोचलं नाही.

१९६९ साली वारावर ‘एन फान दे आख्त’ सुरू झाला, म्हणजे ‘आठांतला एक’. स्पर्धक आठ, चार जोड्या, आणि जोडीत एकाच कुटुंबातल्या दोन पिढ्या: बाप-लेक, मावशी-भाची, सासू-जावई. एखादा कसबी कारागीर येऊन आपलं काम मिनिटाभरात करून दाखवायचा, आणि मग बँकेतल्या कारकुनाने आणि त्याच्या सासूने तेच काम तितक्याच वेळात करून दाखवायचं. होणाऱ्या फजितीत मजा होती, पण ती फजिती क्रूर होऊ नये ही जबाबदारी सूत्रसंचालकाची. इथे मीसचा हात कुणी धरला नाही. माणसाला हसायचं, पण तो घरी जाताना त्याची मान खाली जाता कामा नये, हे तारतम्य शिकवून येत नाही.

शेवटचा खेळ सर्वांत भारी. जिंकलेला स्पर्धक एका जागी बसतो आणि त्याच्यासमोरून कारखान्यात असतो तसा सरकता पट्टा जाऊ लागतो. पट्ट्यावर वस्तू: इस्त्री, दिवा, चहाचा संच, सुटकेस. पट्टा थांबला, की ठरलेल्या वेळात जेवढ्या वस्तू आठवून सांगता येतील तेवढ्या त्याच्या. युद्धानंतरच्या टंचाईतून नुकत्याच बाहेर आलेल्या देशाला सुखाच्या वस्तू डोळ्यांसमोरून ओळीने सरकताना पाहायला मिळत होत्या, आणि त्या मिळवायला ज्ञान लागत नव्हतं, नुसती नजर आणि हाव पुरत होती. तासाभराच्या कार्यक्रमात एका दशकाचं अर्थशास्त्र सांगावं तर असं.

बीबीसीने हा खेळ उचलला. २ ऑक्टोबर १९७१ला ब्रूस फोर्साइथ यांनी ‘द जनरेशन गेम’ सुरू केला आणि शनिवारची संध्याकाळ म्हणजे तो कार्यक्रम, असं ब्रिटनमध्ये समीकरण झालं. पट्टा तोच, त्यावर एक मऊ खेळणंही हमखास. जर्मनीत तो १९७४ला गेला आणि तिथे त्याचं नावच ‘आम लाउफेंडन बांट’, सरकत्या पट्ट्यावर, असं पडलं. तिथला सूत्रसंचालकही डचच निघाला. रूडी कॅरेल हे आल्कमारचे. १९६० साली युरोव्हिजन गाणे स्पर्धेत देशातर्फे गेले आणि तेरा जणांत बारावे आले; १९६४ला मोंत्रोच्या महोत्सवात त्यांच्या कार्यक्रमाला रौप्य गुलाब मिळाला आणि पुढच्या वर्षी ब्रेमेनच्या लोकांनी त्यांना जर्मनीला नेलं, ते कायमचं. युद्धाला तीस वर्षंही झाली नव्हती आणि डच उच्चाराचं जर्मन बोलणारा माणूस जर्मनांना शनिवारी रात्री हसवत होता. उपहासाने त्यांचाही हात पोळला. १९८७च्या फेब्रुवारीत त्यांच्या कार्यक्रमात आयातुल्ला खोमेनींवर बायकांची अंतर्वस्त्रं फेकली जात असल्याचं जोडचित्र काही सेकंद दिसलं, आणि इराणने दोन जर्मन राजनैतिक अधिकाऱ्यांना देशाबाहेर घालवलं. मीसच्या वाट्याला आलेली पत्रं त्या मानाने घरगुतीच म्हणायची.

कॅरेल बाहेर गेले, मीस गेल्या नाहीत. त्या आपल्या भाषेतच राहिल्या आणि म्हणून त्यांचं नाव त्या भाषेबाहेर फारसं कुणाला ठाऊक नाही. ‘आठांतला एक’ १९७३ला थांबला. नंतर मुलाखती, खेळ, मदतनिधी असं सगळं झालं. १९८५पासून त्यांनी ‘इन दे होफ्तरोल’ केला, म्हणजे ‘मुख्य भूमिकेत’: एखाद्या नामवंताला बेसावध गाठायचं, खुर्चीत बसवायचं आणि त्याच्या आयुष्यातली माणसं एकेक करून समोर आणायची. कल्पना अमेरिकन, पण बाई मुरलेल्या. समोरच्याच्या डोळ्यांत पाणी कधी येणार हे त्यांना त्याच्या आधी कळायचं, असं जुन्या चित्रफिती पाहताना वाटतं. याच काळात, २ ऑक्टोबर १९८९ला, आरटीएल-व्हेरोनिकच्या रूपाने हॉलंडमध्ये खासगी व्यापारी वाहिनी आली. प्रेक्षक एकदाचे वाटले गेले. या वेळी धर्माने नव्हे, रिमोटने. मीसनी १९९३ला नियमित काम थांबवलं.

२६ फेब्रुवारी २०१८ रोजी, अठ्ठ्याऐंशीव्या वर्षी, उट्रेख्ट प्रांतातल्या एल्स्ट गावी त्या गेल्या. लेन टिंप काही वर्षं आधीच गेले होते. मीस गेल्यानंतर जेमतेम पाच आठवड्यांनी, १ एप्रिलला, बीबीसीने ‘द जनरेशन गेम’ नव्याने मांडून पाहिला. मेल गेड्रॉइच आणि सू पर्किन्स या दोघी सूत्रसंचालक, सरकता पट्टा जुनाच. दोन भाग झाले आणि कार्यक्रम बंद पडला.